टिपणवहीपासून चित्रफितीपर्यंत : 'द कॅप्चर' ही दूरचित्रवाणी मालिका आणि ब्रिटनमधील पुराव्याच्या विश्वासार्हतेचा इतिहास

प्रस्तावना

बीबीसी वन या वाहिनीवर सप्टेंबर २०१९ मध्ये 'द कॅप्चर' ही सहा भागांची रहस्यप्रधान मालिका प्रसारित होऊ लागली. लेखन व दिग्दर्शन बेन चॅनन यांचे होते. २०२२ मध्ये तिचे दुसरे पर्व आले. सार्वजनिक ठिकाणच्या कॅमेऱ्यांनी टिपलेली दृश्ये गुप्तपणे बदलून ती न्यायालयात पुरावा म्हणून मांडली जातात, हा या मालिकेचा कथाविषय आहे. समीक्षकांनी तिची चर्चा प्रामुख्याने कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साहाय्याने घडविलेल्या बनावट चित्रफितींच्या, म्हणजे 'डीपफेक'च्या संदर्भात केली. ही चर्चा योग्य असली तरी अपुरी आहे. तंत्र नवे असले तरी ज्या मोहातून ते वापरले जाते तो मोह जुना आहे.

आरोपी दोषी आहे याची खात्री झालेल्या यंत्रणेने न्यायालयासाठी पुरावा 'नीट करून' घेणे, हा प्रकार ब्रिटिश फौजदारी न्यायाच्या इतिहासात कॅमेऱ्याच्या कितीतरी आधीपासून आढळतो. त्याला आळा घालण्यासाठी विश्वासाचे स्थान वेळोवेळी बदलण्यात आले : प्रथम पोलिसाच्या शब्दावरून ध्वनिफितीकडे, नंतर ध्वनिफितीवरून चित्रफितीकडे आणि संगणकीय नोंदीकडे. या स्थलांतराचा आढावा घेऊन 'द कॅप्चर' या कलाकृतीचे ऐतिहासिक स्थान निश्चित करणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

१. टिपणवही आणि कबुलीजबाब

विसाव्या शतकाच्या तीन चतुर्थांश कालखंडात इंग्लंडमधील फौजदारी खटल्यांत पोलीस अधिकाऱ्याच्या टिपणवहीला मोठे महत्त्व होते. चौकशीत आरोपी काय बोलला हे अधिकारी लिहून ठेवी आणि न्यायालयात वाचून दाखवी. चौकशी कशी करावी यासंबंधी न्यायाधीशांनी १९१२ पासून काही नियम घालून दिले होते, परंतु ते कायद्याचे नियम नव्हते. बंद खोलीत प्रत्यक्षात काय बोलणे झाले याला पोलीस आणि आरोपी यांच्याखेरीज साक्षीदार नसे, आणि दोघांच्या सांगण्यात तफावत पडली तर बहुधा पोलिसाचा शब्द ग्राह्य धरला जाई.

या व्यवस्थेतील धोका १९७२ च्या कॉन्फेट खून प्रकरणात प्रथम ठळकपणे पुढे आला. तीन मुलांना त्यांच्याच कबुलीजबाबांच्या आधारे शिक्षा झाली होती. १९७५ मध्ये अपील न्यायालयाने ती रद्द केली. १९७७ च्या फिशर अहवालाने चौकशीपद्धतीतील दोष दाखविले, त्यानंतर राजनियुक्त आयोग नेमला गेला, आणि अखेर १९८४ मध्ये पोलीस व फौजदारी पुरावा कायदा संमत झाला. या कायद्याच्या कलम ६० नुसार पोलीस ठाण्यातील चौकशीच्या ध्वनिमुद्रणाविषयी संहिता तयार करण्याची जबाबदारी गृहमंत्र्यांवर आली. पोलिसाची लेखणी आणि न्यायालय यांच्यामध्ये प्रथमच एक यंत्र उभे राहिले.

या सुधारणेची गरज किती तीव्र होती हे पुढील काही वर्षांत अधिकच स्पष्ट झाले. ५ ऑक्टोबर १९७४ रोजी गिल्डफर्ड येथे आणि २१ नोव्हेंबर १९७४ रोजी बर्मिंगहॅम येथे आयरिश दहशतवाद्यांनी पबमध्ये बॉम्बस्फोट घडविले. बर्मिंगहॅममध्ये २१ जण मरण पावले. दोन्ही प्रकरणांत १९७५ मध्ये अनुक्रमे चौघांना व सहा जणांना जन्मठेपेची शिक्षा झाली. गिल्डफर्डच्या चौघांची १९८९ मध्ये, तर बर्मिंगहॅमच्या सहा जणांची १४ मार्च १९९१ रोजी सुटका झाली. गिल्डफर्ड प्रकरणात चौकशीची टंकलिखित आणि हस्तदुरुस्त्या केलेली टिपणे सापडली. चौकशीच्या वेळीच लिहिली म्हणून न्यायालयात मांडलेली हस्तलिखित टिपणे त्या मसुद्यावरून नंतर तयार केलेली असावीत, असे त्यांवरून दिसत होते. बर्मिंगहॅम प्रकरणात कागदावर उमटलेल्या खुणांच्या वैज्ञानिक तपासणीवरून एका चौकशीची टिपणे एका बैठकीत सलग लिहिलेली नव्हती, असे निष्पन्न झाले.

येथे एक बाब लक्षात घेणे आवश्यक आहे. आपण ज्यांना पकडले ते खरेच गुन्हेगार आहेत, असे या प्रकरणांतील अनेक अधिकाऱ्यांना मनापासून वाटत असण्याची शक्यता नाकारता येत नाही. खात्री आधीच झालेली होती आणि पुरावा त्या खात्रीच्या मापाने बेतला गेला. ती खात्रीच चुकीची होती, हे उघड व्हायला बर्मिंगहॅमच्या सहा जणांची सोळा वर्षे खर्ची पडली. सुटकेच्याच दिवशी लॉर्ड रन्सिमन यांच्या अध्यक्षतेखाली नवा राजनियुक्त आयोग घोषित झाला. त्याच्या १९९३ च्या अहवालातून पुढे फौजदारी खटल्यांच्या फेरतपासणीसाठी स्वतंत्र आयोगाची स्थापना झाली आणि १९९७ मध्ये त्याचे काम सुरू झाले.

२. यंत्राकडे सरकलेला विश्वास

यांत्रिक मुद्रणाला पुरावा म्हणून मान्यता मिळण्याची प्रक्रिया याच्या बऱ्याच आधी सुरू झाली होती. १९६५ च्या मक्सूद अली खटल्यात खुनाच्या दोन संशयितांना ब्रॅडफर्डच्या नगरभवनातील एका खोलीत एकटे बसविण्यात आले. तेथे दडविलेल्या ध्वनिग्राहकाने त्यांचे पंजाबी बोलीतील संभाषण टिपले. छायाचित्र ग्राह्य असेल तर ध्वनिफीत ग्राह्य न मानण्यास तत्त्वतः कारण नाही, मात्र ती सावधगिरीने स्वीकारावी, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. त्या फितीचा अर्थ भाषांतरावर अवलंबून होता. यंत्राने ध्वनी जसाच्या तसा जपला तरी तो न्यायालयापर्यंत पोहोचण्यासाठी माणसाची मध्यस्थी लागतेच, ही गोष्ट या खटल्याने तेव्हाच दाखवून दिली होती.

चित्रफितींच्या बाबतीत न्यायालये याहून उदार झाली. १९८२ च्या कजाला विरुद्ध नोबल या खटल्यात बीबीसीच्या वृत्तचित्रणाची मूळ प्रत हजर केलेली नसतानाही नक्कल प्रत स्वीकारली गेली. १९८६ च्या चेशायर येथील एका खटल्यात तर दुकानातील चोरीची चित्रफीत चुकून पुसली गेली होती. ती आधी पाहिलेल्या पोलिसांनी 'फितीत काय दिसले' याची दिलेली तोंडी साक्ष न्यायालयाने ग्राह्य धरली. पोलिसाच्या शब्दावर अंकुश म्हणून आणलेले यंत्र नाहीसे झाले आणि त्याची प्रतिष्ठा मात्र पुन्हा पोलिसाच्याच शब्दाला मिळाली, असा या निर्णयाचा अर्थ लावता येतो.

याच काळात रस्त्यांवरील कॅमेऱ्यांचे जाळे विस्तारू लागले. १९८५ मध्ये बोर्नमथ या समुद्रकिनाऱ्यावरील शहरात सार्वजनिक जागेवर पाळत ठेवणारी ब्रिटनमधील पहिली मोठी यंत्रणा बसविण्यात आली. परंतु लोकमताला खरी कलाटणी मिळाली ती फेब्रुवारी १९९३ मध्ये. लिव्हरपूलजवळच्या बूटल येथील खरेदी-संकुलातून दोन वर्षांच्या बालकाला दोन मोठी मुले हाताला धरून नेत असल्याचे धूसर दृश्य देशभर पुनःपुन्हा दाखविले गेले. त्या बालकाचा नंतर खून झाल्याचे उघड झाले. कॅमेऱ्याने खून टाळला नव्हता आणि चित्रात चेहरेही स्पष्ट नव्हते, तरी कॅमेरा हा रक्षणकर्ता आहे ही भावना त्या चित्राने रुजविली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये लंडनच्या बिशप्सगेट भागात झालेल्या बॉम्बस्फोटानंतर शहराच्या आर्थिक केंद्राभोवती नाकी आणि कॅमेरे यांचे सुरक्षाकडे उभारण्यात आले. १९९४ पासून गृहखात्याने स्थानिक संस्थांना कॅमेऱ्यांसाठी अनुदान देण्यास प्रारंभ केला.

कॅमेऱ्यांच्या संख्येविषयीचा वाद उद्बोधक आहे. २००२ मध्ये मॅकेहिल आणि नॉरिस या अभ्यासकांनी लंडनमधील पटनी भागातील मोजक्या रस्त्यांची पाहणी करून देशभरात सुमारे ४२ लाख कॅमेरे असावेत, असा अंदाज बांधला. हा आकडा अनेक वर्षे सिद्ध सत्याप्रमाणे उद्धृत होत राहिला. २०११ मध्ये चेशायर पोलिसांच्या प्रत्यक्ष गणनेवर आधारित अंदाज सुमारे १८ लाख ५० हजार इतकाच आला. पाळत किती आहे याबाबतही समाज मोजणीपेक्षा समजुतीवर विसंबून होता. २०१२ च्या स्वातंत्र्यसंरक्षण कायद्याने पाळत-कॅमेऱ्यांसाठी आयुक्त आणि आचारसंहिता यांची तरतूद केली. कॅमेरे येऊन स्थिरावल्यानंतर जवळजवळ एका पिढीने त्यांचे नियमन आले.

३. माहिती आणि पुरावा यांतील दरी

'द कॅप्चर'चे कथानक समजण्यासाठी ब्रिटिश कायद्यातील आणखी एक वैशिष्ट्य ध्यानात घ्यावे लागते. चोरून ऐकलेले दूरध्वनी संभाषण ब्रिटनमध्ये सामान्यतः न्यायालयात पुरावा म्हणून सादर करता येत नाही. १९८४ मध्ये मॅलोन प्रकरणात युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने ब्रिटनविरुद्ध निर्णय दिल्यानंतर १९८५ चा कायदा झाला. त्याने दूरध्वनी ऐकण्याला वैधानिक चौकट दिली आणि त्याच वेळी त्यातून मिळालेल्या माहितीला न्यायालयाचे दार बंद केले. २००० च्या कायद्याच्या कलम १७ ने आणि २०१६ च्या कायद्याच्या कलम ५६ ने काही अपवाद ठेवून हीच बंदी पुढे चालविली. गुप्तचर यंत्रणांच्या कार्यपद्धती उघड्या पडू नयेत, हे तिचे मुख्य कारण होय. २००८ मध्ये सर जॉन चिलकॉट यांच्या समितीने अशी माहिती पुरावा म्हणून वापरण्यास तत्त्वतः अनुकूलता दर्शविली होती. तथापि २०१४ मधील फेरआढाव्यानंतर बंदी कायम ठेवण्याचा निर्णय झाला.

परिणामी, शासनाला एखादी व्यक्ती धोकादायक आहे असे 'माहीत' आहे, पण ते न्यायालयात 'सिद्ध' करता येत नाही, अशी स्थिती वारंवार निर्माण झाली. ११ सप्टेंबर २००१ नंतर परदेशी संशयितांना खटल्याविना स्थानबद्ध करण्याचा कायदा आला. डिसेंबर २००४ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने ही तरतूद मानवी हक्कांशी विसंगत ठरविली. २००५ मध्ये नियंत्रण-आदेशांची पद्धत आली. २०१३ च्या कायद्याने काही दिवाणी प्रकरणांत बंद दारांआड पुरावा मांडण्याची सोय केली. हे सर्व उपाय वादग्रस्त होते, तरी ते उघडपणे केलेले होते. संसदेत त्यांवर चर्चा झाली आणि न्यायालयात त्यांना आव्हान देता आले.

४. 'द कॅप्चर' : 'दुरुस्ती'ची कल्पना

मालिकेने याच दरीवर बोट ठेवले आहे. शॉन एमरी हा ब्रिटिश सैनिक अफगाणिस्तानातील हेल्मंडमध्ये एका निःशस्त्र माणसाला ठार मारल्याबद्दल शिक्षा भोगत असतो. शिरस्त्राणावरील कॅमेऱ्याच्या चित्रणात दृश्य आणि ध्वनी यांचा मेळ बसत नाही, हे अपिलात दाखविले जाते आणि तो सुटतो. सुटकेच्या रात्रीच त्याने आपल्या महिला बॅरिस्टरवर हल्ला केल्याचे रस्त्यावरील कॅमेऱ्यात दिसते. एमरी मात्र असे काही घडलेच नाही, असे सांगत राहतो. तपास अधिकारी रेचल कॅरी हिला हळूहळू कळते की, गुप्तचर यंत्रणांपाशी 'दुरुस्ती' या नावाचा एक कार्यक्रम आहे. जे गुप्त मार्गांनी माहीत आहे परंतु न्यायालयात सांगता येत नाही, ते दृश्य स्वरूपात घडवून पुरावा म्हणून पुढे करायचे, असा तो कार्यक्रम. तो चालविणारे स्वतःला खोटारडे मानत नाहीत. घडलेल्या सत्यालाच आपण केवळ दिसण्याजोगे रूप देतो, असा त्यांचा युक्तिवाद असतो.

हा युक्तिवाद १९७० च्या दशकातील टिपणवह्यांमागच्या मनोवृत्तीशी मिळताजुळता आहे. तेव्हा आरोपीच्या तोंडी शब्द घातले गेले, येथे त्याच्या देहाकडून कृती करवून घेतली जाते. दोन्ही ठिकाणी यंत्रणेचे ज्ञान हे तपासणीपलीकडचे गृहीत असते. खटल्याचे प्रयोजनच मुळी त्या ज्ञानाची परीक्षा घेणे हे असते. पुरावा निष्कर्षावरून घडविला की परीक्षेला काही शिल्लक उरत नाही. 'दुरुस्ती'च्या समर्थकांना मालिकेत प्रभावी संवाद मिळाले आहेत, आणि कॅरी अखेरीस त्याच यंत्रणेत सामील होण्याचा मार्ग पत्करते. ही रचना मालिकेचे बळ मानावी लागेल, कारण असा मोह केवळ दुष्टांनाच पडतो, असे सोपे उत्तर ती देत नाही.

मालिकेतील दुसरा धागा तितकाच महत्त्वाचा आहे. 'दुरुस्ती'चा भांडाफोड करू पाहणारा गटही स्वतः बनावट चित्रफितीचाच आश्रय घेतो. शिवाय कथेचा आरंभच एका चित्रणावर शंका उपस्थित करून मिळविलेल्या सुटकेने होतो, आणि शेवटापर्यंत एमरीचा हेल्मंडमधील घटनेबाबतचा अपराधभाव पुसला जात नाही. बनावट चित्रे शक्य आहेत हे सर्वांना ठाऊक झाले की खरे चित्रही नाकारता येऊ लागते. बॉबी चेस्नी आणि डॅनिएल सिट्रन या अमेरिकी कायदेपंडितांनी याच लाभाकडे त्या सुमारास लक्ष वेधले होते. प्रत्यक्षातील 'मरीन ए' प्रकरणाशी तुलना येथे उपयुक्त ठरते. २०११ मध्ये हेल्मंडमध्ये जखमी बंडखोराला गोळी घालण्याचा प्रसंग एका सैनिकाच्या शिरस्त्राणावरील कॅमेऱ्याने टिपला होता. २०१३ मध्ये लष्करी न्यायालयाने खुनाचा दोष सिद्ध मानला, २०१७ मध्ये अपिलात त्याचे सदोष मनुष्यवधात रूपांतर झाले. तेथे वाद चित्रणाच्या खरेपणाचा नव्हता, गोळी घालणाऱ्याच्या मानसिक स्थितीचा होता. चित्र खरे मानूनही त्याच्या अर्थाविषयी न्याय करावा लागतो, हे त्यातून दिसते.

तांत्रिकदृष्ट्या मालिकेत अतिशयोक्ती आहे. चालू चित्रणातील चेहऱ्याचे हावभाव तत्काळ बदलण्याचे प्रयोग संशोधकांनी २०१६ मध्ये दाखविले होते आणि 'डीपफेक' हा शब्द २०१७ मध्ये प्रचारात आला. परंतु रस्त्यावरील कॅमेऱ्याच्या प्रक्षेपणात क्षणार्धात नवा प्रसंग घडविणे ही २०१९ मध्ये कल्पनेचीच बाब होती. दुसऱ्या पर्वात एका मंत्र्याच्या थेट मुलाखतीत त्याच्या जागी त्याची बनावट प्रतिमा बोलते. येथे प्रश्न न्यायालयातून राजकारणात शिरतो. त्यामुळे कथेचा पट विस्तारतो, पण माहिती आणि पुरावा यांतील दरीवरची पकड काहीशी सैल होते.

५. होरायझन प्रकरण : वास्तवातील प्रतिरूप

मालिकेचे पहिले पर्व संपल्यानंतर दोनच महिन्यांनी, १६ डिसेंबर २०१९ रोजी, लंडनच्या उच्च न्यायालयाने पोस्ट ऑफिसच्या 'होरायझन' या संगणकीय हिशेब-प्रणालीविषयी निर्णय दिला. १९९९ ते २०१५ या काळात या प्रणालीने दाखविलेल्या तुटीच्या आधारे ९०० हून अधिक उपडाकपालांना चोरी, अफरातफर किंवा खोटे हिशेब यांबद्दल दोषी ठरविण्यात आले होते. प्रणालीत दोष होते आणि ती पुरविणाऱ्या फुजित्सू कंपनीच्या कर्मचाऱ्यांना दुरून, डाकपालाच्या नकळत, शाखेच्या हिशेबात बदल करणे शक्य होते, असे न्यायालयाने नमूद केले. ही शक्यता पोस्ट ऑफिस प्रदीर्घ काळ नाकारत आले होते.

यामागे कायद्यातील एक बदल होता. १९८४ च्या ज्या कायद्याने ध्वनिमुद्रणाचा मार्ग मोकळा केला, त्याच्याच कलम ६९ नुसार संगणकीय नोंद सादर करणाऱ्याला संगणक योग्य रीतीने चालत होता हे दाखवावे लागे. ही अट अव्यवहार्य ठरवून १९९९ च्या कायद्याने काढून टाकली. त्यानंतर संगणक बरोबर चालत होता हेच गृहीत धरले जाऊ लागले आणि ते खोटे ठरविण्याचा भार व्यवहारात आरोपीवर आला. त्यासाठी लागणाऱ्या तांत्रिक नोंदी मात्र त्याच्या विरोधकाच्याच ताब्यात होत्या. एप्रिल २०२१ मध्ये अपील न्यायालयाने ३९ जणांची दोषसिद्धी रद्द केली. जानेवारी २०२४ मध्ये आयटीव्हीवर या विषयावरील नाट्यमालिका प्रसारित झाल्यानंतर लोकक्षोभ उसळला आणि त्याच वर्षी संसदेने कायदा करून उर्वरित बहुसंख्य शिक्षा रद्द केल्या. 'द कॅप्चर'ने कल्पनेत मांडलेली भीती, म्हणजे दुरून आणि नकळत बदललेली नोंद निरपराध माणसाविरुद्ध निर्विवाद साक्ष ठरणे, वास्तवात आधीच घडून गेली होती. तेथे गुप्तचरांची गरज भासली नाही. यंत्राविषयीचे गृहीतक आणि संस्थेचा हेका एवढे पुरेसे ठरले.

६. भारतीय संदर्भ

या इतिहासाचा एक धागा भारतीय पुरावा कायद्यापर्यंत येतो. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० अन्वये १८७२ च्या पुरावा कायद्यात समाविष्ट झालेले कलम ६५-ब हे ब्रिटनच्या १९६८ च्या दिवाणी पुरावा कायद्यातील कलम ५ वर बेतलेले होते. विशेष म्हणजे ब्रिटनने ते कलम १९९५ मध्येच रद्द केले होते. या कलमाचा कस जालना विधानसभा मतदारसंघाच्या २०१४ च्या निवडणुकीवरील वादात लागला. उमेदवारी अर्ज दुपारी तीनच्या मुदतीनंतर स्वीकारले गेले काय, हा प्रश्न निर्वाचन अधिकाऱ्यांच्या कार्यालयातील चित्रफितींवर अवलंबून होता. त्यांच्या सत्यतेचे प्रमाणपत्र संबंधित अधिकाऱ्यांनी मागूनही दिले नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये तोंडी साक्षीच्या आधारे त्या ग्राह्य धरून निवडणूक रद्द ठरविली. जुलै २०२० मध्ये अर्जुन पंडितराव खोतकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रमाणपत्र आवश्यकच असल्याचे स्पष्ट केले. मात्र पक्षकाराने सर्व प्रयत्न करूनही ते मिळाले नाही तर त्याला दोष देता येणार नाही, असेही सांगितले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ नुसार प्रमाणपत्राचे दोन भाग असून एक पक्षकाराने व दुसरा तज्ज्ञाने भरावयाचा आहे. संचिकेतील बदल ओळखण्यास उपयोगी पडणारे गणिती मूल्यही त्यात नोंदवावे लागते. ब्रिटनने अट सोडली, भारताने ती कडक केली. दोन्ही देशांसमोरील मूळ प्रश्न मात्र एकच आहे : यंत्र कोणाच्या ताब्यात आहे आणि त्याची तपासणी कोणाला करता येते?

निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी स्पष्ट होतात. एक, पोलिसाच्या लेखणीवरील अविश्वासातून ध्वनिफितीला आणि तिच्यामागून चित्रफितीला व संगणकाला प्रतिष्ठा मिळाली. परंतु प्रत्येक टप्प्यावर अविश्वास माणसापुरता राहिला आणि यंत्र चालविणारा माणूस दृष्टिआड झाला. दोन, पुरावा 'दुरुस्त' करण्याचा मोह प्रामुख्याने तेथे उद्भवतो जेथे सत्ता आपल्या माहितीला परीक्षेविना सत्य मानते. तीन, यावरचा उपाय नव्या यंत्रात शोधून चालणार नाही. मूळ नोंद जपून ठेवणे, ती कोणाच्या हातून कोणाच्या हाती गेली हे लिहून ठेवणे आणि ती तपासण्याची समान संधी आरोपीला देणे, या साध्या वाटणाऱ्या अटीच बर्मिंगहॅमपासून होरायझनपर्यंत मोडल्या गेल्या होत्या.

'द कॅप्चर'चे ऐतिहासिक मूल्य तिच्या तांत्रिक भाकितात फारसे नाही. चांगल्या हेतूने केलेली बनावट ही बनावटच असते, आणि तिचा पहिला बळी नेहमी दोषीच असेल याची खात्री बनावट करणारालाही देता येत नाही, हे तिने सामान्य प्रेक्षकासमोर मांडले, यात ते आहे. बर्मिंगहॅमच्या सहा निरपराध माणसांनी त्या खात्रीची किंमत सोळा वर्षे मोजली होती.